रिकाम्या खुर्चीचा आकडा

वैजयंताची चाकांची खुर्ची आत आली, तसा भिंतीवरच्या समावेश-मीटरचा आकडा एकाहत्तरवर चढला. वेगळ्या माणसाला सामावून घेतल्याने कंपनीचा किती फायदा होतो, ते हे मीटर जागेवर दाखवायचं. सकाळपासून तिला एका मीटिंगमागून दुसऱ्या मीटिंगला बोलावत होते.

"मंदारसर, माझ्या पंपाचं डिझाइन परस्पर दुसऱ्याला का दिलंत?" तिने विचारलं.

आकडा धाडकन खाली आला.

"मॅडम, तुम्ही बोललात की आकडा पडतो," मॅनेजर मंदार म्हणाला. "डिझाइन काय, कोणीही करेल. तुम्ही नुसत्या बसा."

"शोभेला?"

"बसून पगार मिळतोय, वाईट काय त्यात?"

वैजयंताने खुर्चीला अडकवलेल्या कुबड्या ओढून काढल्या. उठायला तिला वेळ लागला. मदतीला कोणी हललं नाही. सगळे मीटरकडे बघत होते. खुर्ची तिथेच टाकून ती दारापर्यंत गेली आणि वळली.

आकडा पुन्हा एकाहत्तरवर होता.

"हं, आता ठीक आहे," मंदार म्हणाला. "जाताना दार लावून घ्या, मॅडम."