पळसाचा माणूस

बंधाऱ्याखाली चितेवर पळसाच्या देठांचा माणूस झोपवला होता. डोक्याच्या जागी नारळ, अंगावर नवं धोतर. लढाईच्या साली आसामात रस्त्याच्या कामावर गेलेला सुखराम परतला नव्हता. रिवाजाप्रमाणे बारा वर्षं वाट पाहून झाली होती. आज त्याच्या नावाने हा पुतळा जाळायचा होता.

"भाऊजी, पाय सारखे कायले केले?" सुखरामच्या बायकोने, नंदाबाईने, धाकट्या दिराला विचारलं.

"देठंच सारखे होते, वहिनी," बकाराम म्हणाला.

ती खाली बसली. डाव्या पायाची देठं तिने बोटभर मोडली. जरा लांबून पाहिलं.

"आता थोडे तेच दिसून राहिले."

"दिसण्याने काही होत नाही, बाई," भटजी म्हणाले. त्यांना दुसऱ्या गावी जायचं होतं. "नाव घेऊन बोलवायचं. जीव यात आला पाहिजे. नाहीतर आपण नुसता पाला जाळू, आणि तो बिचारा तिकडेच भटकत राहील."

बकारामने घसा साफ केला. "सुखराम वल्द उदाराम, हाजीर व्हा."

"कोर्टाचे चपराशी हाव काय तुमी?" नंदाबाई म्हणाली. "असं बोलावलं तर ते लपून बसतीन."

"मग तुम्हीच बोलवा."

नंदाबाईने नवऱ्याचं नाव आजवर चारचौघांत घेतलं नव्हतं.

"मेल्या माणसाचं घेतलं तर चालते, वहिनी," बकाराम हळूच म्हणाला.

"जळेपर्यंत नाई मेले ते."

तिने पदर सावरला आणि नारळाजवळ वाकली. पूर्वी रोज ओसरीवर उभी राहून बोलायची तशी बोलली.

"अजी, आयकता काय? भात निवून राहिला."

बकारामने पेटता पलिता पुढे केला.

"थांबा," ती म्हणाली. "पहिल्या हाकेत उठाची सवय नाई त्याईले."

मग सगळेच थांबले. भटजीही. तिने पुन्हा हाक मारली, थोडी चिडून. पुतळ्याच्या छातीवर हात ठेवून ती बसून राहिली. हळूहळू तिच्या कपाळावरची आठी गेली.

"आले," ती म्हणाली.

बकाराम पुढे झाला. तिने मान हलवली.

"जरा दमानं लावा, भाऊजी. लय दुरून चालत आले. घडीभर पडू द्या."

बकारामने पलिता मागे घेतला. भटजींनी एकदा उन्हाकडे पाहिलं, चपला काढल्या आणि झाडाच्या सावलीत जाऊन बसले.