उपाशी गोधडी

अमेरिकेत गोधड्या शिवणाऱ्या एथेलबाई आणि बेंबळीच्या फरिदाबी यांनी एकमेकींना आपापली गोधडी पाठवली. एथेलबाईंची गोधडी हातात येताच फरिदाबींनी तिचे चारही कोपरे चाचपले आणि कपाळाला हात लावला.

"या अल्ला, सात समुंदर ओलांडून आली, ती बी उपाशी. एका बी कोपऱ्यात भाकरीचा तुकडा न्हाय."

नात तरन्नुम अडवेपर्यंत त्यांनी एक कोपरा उसवला, ज्वारीच्या भाकरीचा कुटका आत सारला आणि टाके घालायला बसल्या. नेमका तेव्हाच एथेलबाईंचा व्हिडिओ कॉल आला. सुई-दोरा लपवायला वेळच मिळाला नाही.

तरन्नुम चाचरत म्हणाली, "आमच्याकडं गोधडीला उपाशी ठेवत नाहीत. तुमच्याकडं आलेल्या गोधडीतही भाकरी आहे."

 एथेलबाई हसायला लागल्या, त्या थांबेचनात.

"मी ती भिंतीवर टांगलीय. आठ दिवस झाले, माझा कुत्रा तिच्यासमोरून हलत नाही. आणि मी गावभर सांगत सुटले, की त्याला कलेतलं कळतं."