ताकातली बिस्किटं

"सोडा राहिला," आजी म्हणाल्या आणि लगेच त्यांनी जीभ चावली.

खिडकीपाशी उभ्या असलेल्या फाइलवाल्या बाईने मान वर केली, आजींकडे पाहिलं आणि कागदावर एक खूण केली.

"राहिला कुठला? घालतोच आहे," आजोबा म्हणाले आणि सोड्याचा डबा शोधायला लागले. डबा त्यांच्या कोपराला टेकलेला होता.

तीन आठवड्यांपूर्वी एका सकाळी आजींचा डावा हात आणि डावा पाय रुसला, तेव्हापासून त्या या इस्पितळात होत्या. पाय काठीच्या धाकाने थोडा वठणीवर आला होता. हात मात्र अजून मांडीवर पाहुण्यासारखा बसून असे. काल फाइलवाली बाई म्हणाली होती, "उद्या आपल्या इथल्या स्वयंपाकघरात आजोबांना काहीतरी करायला लावू. तुम्ही नुसतं शेजारी बसा. दोघं घरी राहू शकाल, की तुमची सोय वृद्धाश्रमात करावी लागेल, ते त्यावरून ठरेल."

करणार आजोबा, म्हणजे परीक्षा आजोबांची. आजी निर्धास्त झाल्या होत्या. चाळीस वर्षं बेकरीच्या भट्टीपुढे काढलेला माणूस! ताकातली बिस्किटं त्याने डोळे मिटून केली असती.

आणि आता तोच माणूस खिशातून चिठ्ठी काढून चोरून बघत होता. बिस्किटांची कृती लिहून आणली होती की काय?

आजोबांनी लोणी पातेल्यात टाकलं आणि पातेलं गॅसवर चढवलं.

"अहो, गार लोणी मैद्यात चोळायचं ना? वितळवताय काय?" आजींच्या तोंडून निघून गेलं. मग त्या बाईकडे बघून हसल्या. "थट्टा करतात हो. सवयच आहे त्यांना."

बाईने दुसरी खूण केली.

आजोबांनी दुसरं लोणी घेतलं, मैद्यात चोळलं, हात पुसले आणि टॉवेल पेटत्या शेगडीला खेटून ठेवला.

"टॉवेल!"

तिसरी खूण. आपल्या जिभेला हाड नाही, असं आजींना वाटलं. नवऱ्याला सांभाळून घ्यायचं सोडून आपणच त्याच्या चुका जगाला दाखवतो आहोत. पण टॉवेल पेटू कसा द्यायचा?

तेवढ्यात बाईचा फोन वाजला आणि ती बाहेर गेली.

"अहो, बरं नाही का?" आजींनी हळूच विचारलं.

"मला काय धाड भरलीय?"

आजोबांनी ताक ओतलं, पीठ गोळा केलं. गोळा छान जमला. मग त्यांनी ताकाचं भांडं उचललं आणि उरलेलं ताकही ओतलं.

"अहो, आत्ताच घातलंत की!"

आजोबांनी पिठाकडे पाहिलं. "घातलं?"

"चिखल झालाय, दिसत नाही? मूठभर मैदा टाका वरून. लवकर, ती यायच्या आत."

त्यांनी मैदा टाकला, पीठ थापलं, दुमडलं, पुन्हा थापलं. हात आपोआप चालत होते. मग गोल साचा हातात धरून ते थांबले. बराच वेळ थांबले.

"आता?" त्यांनी विचारलं.

"आता कापा! माझं डोकं नव्हे, पीठ."

ते हसले आणि त्यांनी बिस्किटं कापली, एकसारखी, सुबक. आजींचा जीव जरा भांड्यात पडला.

बाई परत आली. आजोबांनी ट्रे ओव्हनमध्ये सरकवला. ओव्हन थंडगार होता. आजी खोकल्या, पुन्हा खोकल्या, शेवटी काठीने बटण दाखवलं. चौथी खूण. बिस्किटं फुगली, लालसर झाली, आणि आजोबांनी तापलेल्या ट्रेकडे उघडा हात नेला.

"फडकं घ्या आधी!"

पाचवी खूण करून बाईने फाइल मिटली.

आजींना राहवलं नाही. "बाई, आजचा दिवस सोडून द्या हो. लोक बघत असले की घाबरतात ते. आणि मी आहे ना घरी. मी लक्ष ठेवेन. हात चालत नसला तरी डोळे चालतात माझे."

"तेच तर बघायचं होतं," बाई हसून म्हणाली. "परीक्षा तुमची होती, आजी. असा झटका येऊन गेला की कधीकधी समोरचा धोकाही लक्षात येत नाही. म्हणून आजोबांना मीच पाच चुका लिहून दिल्या होत्या. पाचही पकडल्यात तुम्ही. उद्या घरी जा, आणि यांच्यावर असंच लक्ष ठेवा."

"काय, कसं फसवलं?" आजोबांनी छाती फुगवून चिठ्ठी आजींच्या मांडीवर टाकली. "बेकरीत फुकट गेलो मी. नाटकातच जायला हवं होतं!"

"चला, म्हणे नाटकात!" आजी हसल्या. डोळ्यांत पाणी आलं, ते त्यांनी उजव्या हाताने पुसलं आणि चिठ्ठी उलगडली. सोडा. लोणी. टॉवेल. ओव्हन. फडकं.

बाई आणि आजोबा ट्रेभोवती उभे राहून गरम बिस्किटं फुंकत होते.

आजींनी चिठ्ठी उलटून पाहिली. ताकाबद्दल मागेही काही लिहिलेलं नव्हतं.