अर्धवट सोडून गेलेल्या

नव्या औषधाची चाचणी चालू असताना शेवंताबाई साळुंखे काठी टेकत थेट हेमलता गुरव यांच्या टेबलापाशी आल्या. रुग्णालयाच्या या आकडेमोडीच्या विभागात रुग्ण कधी फिरकत नसत.

"बाई, या खेपेला मला तपासणीचं बोलावणंच आलं नाही. गोळ्याबी थांबल्यात."

शेजारच्या सतीशने संगणकावर नाव टाकलं. "तुम्ही तर चाचणी अर्धवट सोडून गेलात. सॉफ्टवेअरने नाव काढून टाकलंय."

"मी कुठं सोडली? दर तपासणीला येते की. आता पाय सुजलेत, तेवढंच."

हेमलताबाईंना पुढचं वाचायची गरज नव्हती. ज्यांच्यावर औषध उलटेल त्यांना 'सोडून गेलेल्यां'त ढकलायचं, म्हणजे निकाल स्वच्छ दिसतो, ही युक्ती त्यांचीच. सॉफ्टवेअरची जुनी आवृत्ती कारण विचारायची, तेव्हा त्या काहीतरी ठोकून द्यायच्या. पुढची आवृत्ती नुसतं 'वगळू का?' म्हणायची. गेल्या महिन्यात राज्यभरच्या रुग्णालयांत आलेली आवृत्ती काहीच विचारत नव्हती. ती त्यांच्याकडून शिकून तयार झाली होती.

सतीशने मोठ्याने वाचलं, "कारण: गुरव मॅडमची नेहमीची पद्धत." तो कौतुकाने हसला. "मॅडम, आता राज्यभर तुमचीच पद्धत!"

हेमलताबाईंची मान वर होईना. खाली बघावं तर समोर ते पाय होते, चपलेत न मावणारे.

शेवंताबाईच ओशाळून म्हणाल्या, "माझंच काही चुकलं असंल, बाई. पण तेवढं नाव परत घाला की माझं."