कटबर्टचे डबल्स

कुरेपच्या नाक्यावर कटबर्टने डबल्सची, म्हणजे चणा-पुरीची, गाडी लावली, तर महिनाभर तिच्याकडे माशीसुद्धा फिरकली नाही. पुऱ्या मऊ, वरचा चणा रसरशीत, सगळं फर्मास. पण लोक त्याचा आफ्रिकी चेहरा पाहायचे आणि पुढे जायचे. डबल्स करावेत ते भारतीयांनीच, असं आमच्या अख्ख्या त्रिनिदादचं ठाम मत.

गाडी विकायची वेळ आली तेव्हा तो शेजारच्या सूकदेवकडे गेला.

"काका, तुम्ही नुसते पळी घेऊन पुढे बसा. मी पडद्यामागे रांधतो."

"अरे, मला साधं अंडं उकडता येत नाही."

"तोंड भारतीय आहे ना? तेवढं पुरे."

सूकदेव हसला. "बसतो. पण माझंही तुझ्यासारखंच दुखणं आहे. दुपारी तू माझ्याकडे येऊन बसायचं."

दुसऱ्या दिवशी रांग पार औषधाच्या दुकानापर्यंत गेली. तेलाच्या पिंपांपासून घडवलेल्या, आफ्रिकींचंच मानल्या जाणाऱ्या स्टीलपॅन वाद्याच्या बँडचा कप्तान रॉडरिक तीन डबल्स चापून बोटं चाटत म्हणाला, "काका, ही चव शिकून येत नाही. ती रक्तातच असावी लागते."



त्याच आठवड्यात सूकदेवच्या परसातल्या शेडवर पाटी लागली, 'कटबर्ट: स्टीलपॅन सुरात लावून मिळतील'. आता रोज दुपारी कटबर्ट हातोडी घेऊन दारात बसतो, सूकदेव पडद्यामागे पॅन ठोकून सुरात आणतो, आणि रॉडरिक डोळे मिटून म्हणतो, "गड्या, असा कान रक्तातच असावा लागतो."