हातचं पाणी

लॉकडाऊनमुळे युनिव्हर्सिटी झूमवर आली होती आणि दोन महिन्यांसाठी म्हणून साताऱ्याहून आलेली आई परदेशात, लेकीच्या क्वेकर्स हिलमधल्या घरी वर्षभर अडकून पडली होती. टेबलाच्या एका टोकाला ती घेवडा निवडत होती. दुसऱ्या टोकाला मयूरा बायबलवरच्या पीएचडीचं प्रकरण प्रोफेसरांपुढे मांडत होती: विहिरीवर येशू एका शोमरोनी बाईकडे पाणी मागतो. त्याचे लोक तिच्या लोकांच्या भांड्याला शिवत नसत, म्हणून ती चकित होते.

"पण तिला आतून काय वाटलं, हे आज कोण सांगणार?" प्रोफेसर म्हणाले. "तेवढा परिच्छेद काढून टाक."

"नाही काढणार," मयूरा म्हणाली. तिने लॅपटॉप सरळ आईकडे वळवला आणि सगळी गोष्ट तिला मराठीत सांगितली.

आईने हातातली शेंग खाली ठेवली. "वाटलं काय ते मी सांगते. पण आधी त्यांना विचार, त्याने पाणी मागितलं खरं, तिच्या हातचं प्यायला का?"

मयूराने प्रश्न इंग्रजीत केला. प्रोफेसरांनी पान खालपर्यंत वाचलं, मग परत वरून वाचलं. तो पाणी प्यायला, असं कुठेच लिहिलेलं नव्हतं.

"तीस वर्षं शिकवतोय, मला हे कधी सुचलं नाही," ते म्हणाले. "तुझी आई कुठे शिकली?"

 

"सांग त्यांना, विहिरीवर," आई म्हणाली. "चार हात लांब उभं राहून."