पाऊण तासाची दुआ

आखातातल्या वादी अदाई भागात, तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये सफूराबीचा दिवस बंद दारांकडे बघण्यात जायचा. मुलगा आणि सून कामावरून आले की लॅपटॉप उघडून बसत, आणि नात महेक कानात इअरफोन घालून खोलीत शिरली की थेट जेवायलाच बाहेर येई. सफूराबी मात्र दुपार कलताना असरचा नमाज झाला की मुसल्ल्यावरच बसून, हात पसरून चांगला पाऊण तास दुआ मागायची. अम्मीसारखी श्रद्धा आता कुणाची राहिली नाही, असं सून पाहुण्यांना कौतुकानं सांगायची.

त्या दिवशी महेक चार्जर शोधत आली आणि दारातच थबकली. दादी अल्लाकडे काहीच मागत नव्हती. गुडघा कालपासून कसा धरलाय, सूर बंदरातून आलेली सुरमई कशी बेचव निघाली, दापोलीच्या घरचे फणस यंदा कुणी उतरवले असतील, असं सगळं ती आपल्या बोलीत निवांत सांगत होती.

महेकचा अलीकडे देवावरचा विश्वास उडाला होता. घरात हे कुणालाच ठाऊक नव्हतं. शब्द जुळवत ती हळूच म्हणाली, "दादी, सॉरी... पण वर ऐकायला कोणी नाहीये."

सफूराबीनं पसरलेले हात खाली घेतले नाहीत.

"मना ठावक हाय गो, तुज्या आदीपासून. पण कोणी नाय, म्हणून मधीच उठून कोणी जात पण नाय."